उजव्या बांधावरचा पदर

बोरमाळ,
ता. ६ डिसेंबर १९५१

सौ. मुनिरा हिस सारजाचा रामराम.

तुझी खुशाली तुझ्या दिराकडून, मजीदकडून कळते. तो सोयगावच्या बाजारात बांगड्या घेऊन येतो, तेव्हा दोन शब्द बोलतो. तुला मात्र शाई महाग झालेली दिसते. सोयगावच्या एका गल्लीत वाढलो, एका पाटीवर अक्षरं गिरवली, एकाच गावात नांदायला आलो, आणि आता तू औरंगाबादेत जाऊन मुकी झालीस.

पत्र लिहायचं कारण नानासाहेब पाटलांची बायको आशाबाई. तुझ्या जागेवर ती उभी राहते, आणि मी तिच्यापुढं हात टेकले.

काल आम्ही सगळ्या बायांनी टेकडीभोवती पदरजोड धरून पाहिली. गारा यायच्या त्या माघ-फाल्गुनात, पण सवय मोडू नये म्हणून. आता यात अवघड ते काय आहे? प्रत्येकीनं आपल्या उजव्या बांधावर उभं राहायचं, उजवीकडच्या बाईचं नाव घ्यायचं आणि आपला पदर तिच्या शेतावर टाकायचा. आपला पदर आपल्या शेतावर चालत नाय, आपल्यावर डावीकडचीचा पडतो. टेकडीला वळसा घालून कडं पुरं झालं की सगळी शेतं झाकली जातात. आणि पदर टाकताना आपल्या शेताकडं पाहायचं नाय. पाहिलं की गेला. नवी सून सुद्धा एका खेपेत शिकते. आशाबाईला मी सांगून सांगून दमले.

"आशाबाई, मागं बघू नका."

"मी कुठं बघते?"

"आत्ता बघत होता."

"गव्हात डुक्कर शिरलं का ते बघितलं. तेवढंही बघू नये का?"

सगळ्यांच्या शेतावर पदराची ती फिकी सावली उतरली, अन् माझं शेत उन्हात लख्ख. मागल्या फाल्गुनातही हेच झालं. सगळ्या गावाचं पीक उभं, माझा एकटीचा गहू गारांनी झोपवला. आमचे हे तेव्हापासून एकच वाक्य बोलतात, "तुझी मैत्रीण गेली अन् आपलं छप्पर गेलं." ते ऐकून ऐकून माझे कान किटले.

तर तू ये. माघ लागला की ये, होळी झाली की जा. शकीलाला घेऊन ये. आमच्या घरी राहा. तुझ्यावाचून माझ्या शेतावर कुणाचाच पदर बसत नाय.

तुझी,
सारजा


पडेगाव, औरंगाबाद,
ता. १९ डिसेंबर १९५१

सारजाक्कास मुनिराचा सलाम.

तुझं पत्र वाचलं. पुन्हा वाचलं. मग शकीलाच्या अब्बांना वाचून दाखवलं. ते भट्टीपाशी कोणाच्या तरी टांग्याच्या घोड्याला नाल ठोकत होते. ठोकतच राहिले.

सारजाक्का, एक सांग. आशाबाईनं मागं वळून कोणाचा गहू पाहिला? ती उभी होती माझ्या बांधावर. माझ्या बांधावरून मागं पाहिलं तर माझं शेत दिसतं. त्या शेतात गहू कोणी पेरला? मजीदला विचारलं तर तो म्हणतो, "नानासाहेबांनी, भाभी. मला वाटलं तुम्हाला माहीत असेल." सगळ्यांना माहीत, मला नाही. आणि तू आशाबाईच्या मानेबद्दल एवढं लांब पत्र लिहितेस, त्यात माझ्या शेताबद्दल एक अक्षर नाही!

मी गाव विसरलेली नाही. पोलीस ॲक्शननंतर बाहेरगावची माणसं लाठ्या घेऊन आली, तेव्हा तुम्ही सगळ्या जणींनी माझ्या घराला वळसा घालून पदर धरले. मी आत शकीलाचं तोंड दाबून बसले होते. ती माणसं दारासमोरून गेली, परत आली, पुन्हा गेली, त्यांना दार दिसलंच नाही. मनकर्णाबाई नानासाहेबांच्या घरची, ती सुद्धा तुमच्यात होती. ते मी कबरीपर्यंत विसरायची नाही. आम्ही गाव सोडलं ते तुमच्यामुळं नाही. शकीलाचे अब्बा म्हणाले, "बाया किती दिवस पदर धरून उभ्या राहतील?" मी गाठोडं बांधायला घेतलं.

पण तेव्हा झाकलंत, आणि आता? माझ्या डावीकडं भागूबाई. म्हणजे भागूबाईचा पदर आता नानासाहेबांच्या गव्हावर पडतो. माझं शेत दुसऱ्यानं खायचं, ते तुम्ही सगळ्यांनी मिळून गारांपासून राखायचं, आणि वर मी इथून येऊन तुझं राखायचं. आणि उभी कुठं राहू? कोणाच्या बांधावर?

मी येत नाही. आशाबाईची मान धरून सरळ करा.

मुनिरा


बोरमाळ,
ता. ८ जानेवारी १९५२

मुनिरास सारजाचा रामराम.

तू रागावलीस. रागाव. पण आधी ऐकून घेशील का?

आम्हाला गावात असं सांगितलं होतं की शकीलाच्या अब्बांनी जाताना शेत नानासाहेबांना देऊन टाकलं. राजीखुशीनं. मी म्हटलं, असेल बाई, शहरात धंदा मांडायचा तर शेत कशाला ठेवतील. त्यावर तुझ्याशी बोलणं म्हणजे जखमेवर बोट ठेवणं, म्हणून लिहिलं नाय. तुझं पत्र आलं अन् माझी झोप उडाली.

मी आशाबाईकडं जायचं निमित्त करून पाटलांच्या घरी गेले. नानासाहेब पडवीत बसले होते. मी दाराआडूनच विचारलं, "नानासाहेब, मुनिराचं शेत तुमच्याकडं कसं आलं?"

"कमरोद्दीननं दिलं."

"काय म्हणून दिलं?"

"जाताना माझ्यापुढं उभा राहून म्हणाला, नानासाहेब, शेत तुमचं. आता आणखी काय ढोल वाजवायला पाहिजे होता?"

"तुमचंच, असं म्हणाले?"

"मग मी खोटं बोलतो? सारजाबाई, तुमचा गहू गेला त्याचं मला वाईट वाटतं. पण पाटलाला चौकशी लावायची तुमची काय रीत?"

आशाबाई समोर डाळ निवडत बसली होती. तिनं मान वर केली नाय. जिला मागं पाहू नको म्हटलं तर पाहते, तिला इकडं पाहा म्हटलं तर पाहत नाय. काय करावं अशा बाईला!

मग मी बायांना नदीवर गाठलं. मनकर्णाबाई नानासाहेबांची भावजय, ती म्हणाली, "पुरुषांच्या व्यवहारात आपण कशाला पडायचं?" दुसऱ्या म्हणाल्या, "पदरजोड मोडू नका म्हणजे झालं." भागूबाई तेवढी धुणं आपटत होती. ती एकदम म्हणाली, "मुनिराचं असंल तर टाकीन. नानाच्या गव्हावर माझा पदर मी टाकायची नाय." लई समजावलं. म्हातारी हटली नाय. आता म्हणे एका फटीचं कडं दोन फटींचं होणार, अन् त्याचा दोष सगळ्या मला देतात, कारण विषय मी काढला.

तू तिकडं रागावून मोकळी झालीस. इथं मला सगळ्यांची तोंडं पाहायची आहेत. शकीलाच्या अब्बांना नीट विचार अन् कळव, ते काय म्हणाले होते.

सारजा


पडेगाव,
ता. २० जानेवारी १९५२

सारजाक्कास सलाम.

विचारलं. ऐक, आणि तूही कपाळावर हात मार.

मी म्हटलं, "तुम्ही नानासाहेबांना शेत दिलंत?"

"नाही."

"मग काय म्हणालात?"

"म्हणालो, शेत तुमचंच समजा, नजर ठेवा."

"तुमचंच समजा?"

"असं म्हणायची पद्धत असते. घरी कोणी आलं तर आपण म्हणतोच ना, घर तुमचंच समजा. म्हणून पाहुणा दारं काढून नेतो का?"

"इथं नेली ना!"

त्यावर ते म्हणाले, "त्या दिवसांत मी पाटलाशी आणखी कसं बोलणार होतो? हुज्जत घालत बसलो असतो?" बरं, हे खरंच आहे. पण मग आता तरी बोला! मी म्हटलं, बोरमाळला जाऊन सगळ्यांसमोर सांगा. तर म्हणतात, "मी त्या गावात पाय ठेवणार नाही." का? तर नाही. पुन्हा विचारलं तर घोड्याचा खूर हातात घेऊन बसले. घोडा तरी फुरफुरला, हे तेवढंही नाहीत. सारजाक्का, या माणसाच्या अदबीनं माझं शेत घालवलं, आणि आता त्याच्या मुकेपणानं माझं डोकं जाणार.

भागूबाईचं वाचून मला रडू आलं, आणि रागही आला. तिला सांग, पदर पिकावर पडत नाही, जमिनीवर पडतो. गहू कोणाचा का असेना, खालची माती माझी आहे. तिनं माझं नाव घ्यावं आणि टाकावा. माझ्यासाठी म्हणून कोणी आपलं कडं मोडलं तर मला इथं जेवण जायचं नाही.

आणि तू दाराआडून पाटलाला विचारलंस, ते वाचून बरं वाटलं. एवढंच लिहिते. जास्त लिहिलं तर तू लगेच म्हणशील, मग ये.

मुनिरा


बोरमाळ,
ता. ४ फेब्रुवारी १९५२

मुनिरास रामराम.

तुझा निरोप भागूबाईला वाचून दाखवला. ती म्हणाली, "मुनिराला येऊन सांगू दे. कागदातली मुनिरा मला दिसत नाय." घे!

तेवढ्यावर भागलं नाय. भागूबाई पदर टाकणार नाय हे नानासाहेबांच्या कानावर गेलं. त्यांनी भावाच्या घरी निरोप धाडला, की मनकर्णाबाईनं टेकडीवर जायचं नाय. मनकर्णाबाईच्या उजवीकडं कोण, तर भागूबाई. म्हणजे आता म्हातारी उघडी, तुझं शेत उघडं, माझं तर उघडंच. भागूबाईचं काय आहे? टेकडीच्या पायथ्याला पट्टीभर हरभरा. त्यावर तिचं अन् तिच्या आंधळ्या बहिणीचं वर्ष चालतं. ती म्हणते, "जाईल तर जाईल." मी म्हटलं, "भागूबाई, हट्ट सोडा." तर मलाच म्हणते, "तू कुणाकडून बोलतेस ते आधी ठरव."

मी कुणाकडून बोलते! मी सगळ्यांच्या घरचे उंबरे झिजवते, तुला पत्रं लिहिते, आमच्या ह्यांची बोलणी खाते, अन् शेवटी हे ऐकायचं.

दोन दिवस झाले, उकाडा वाढलाय. अजिंठ्याच्या डोंगरावर दुपारी ढग बसतात. तुला ये म्हणायचं मी सोडलं. तू अन् तुझं गाव, काय ते पाहून घ्या.

सारजा


पडेगाव,
ता. १९ फेब्रुवारी १९५२

सारजाक्कास मुनिराचा सलाम.

तुझ्या घरचं पाणी सुद्धा न घेता मी निघून आले म्हणून तू चिडली असशील. चीड. पण मजीद बसची घाई करत होता, नानासाहेब खालून ओरडत होते, आणि मी तिथं आणखी थोडा वेळ थांबले असते तर मला रडू फुटलं असतं. पाटलासमोर मला रडायचं नव्हतं.

मी येणार हे घरात कोणाला बोलले नव्हते. सकाळी शकीलाला जावेकडं ठेवलं आणि मजीदबरोबर निघाले. सोयगावला उतरलो तेव्हा वारा पडला होता. डोंगराकडचं आभाळ जांभळं. मी चपला हातात घेऊन चालत सुटले. टेकडी दिसली तेव्हा तुम्ही सगळ्या उभ्या होत्या. मला वाटलं होतं तुम्ही भांडून घरी बसला असाल. भांडत होता, पण उभ्या होता!

माझ्या बांधावर आशाबाई. मी म्हटलं, "आशाबाई, जागा सोडा. ही माझी आहे." तिनं माझ्याकडं पाहिलं. बाजूला झाली आणि टेकडीच्या अंगानं चालत गेली. मला वाटलं, गेली नवऱ्याला सांगायला.

डावीकडून भागूबाई ओरडली, "आलीस? लई उशीर केलास." आणि तिनं माझं नाव घेतलं. सारजाक्का, तीन वर्षांनी त्या जागेवर उभ्यानं माझं नाव ऐकलं. पाठीवर गारवा उतरला. मागं काय उभं आहे, कोणाचं आहे, हे मी पाहिलं नाही. पाहावंसं वाटलंच नाही. तू उजवीकडं उभी होतीस, डोक्यावरचा पदर वाऱ्यानं पडलेला, तोंड लाल. मी तुझं नाव घेतलं आणि टाकला.

मग गारा. आपल्या कड्याबाहेरच्या रस्त्यावर लिंबाएवढ्या पडत होत्या. नानासाहेब रस्त्याकडेच्या पळसाखाली अडकले होते आणि तिथूनच, "कोणाला विचारून आली ही?" असं ओरडत होते. त्यांना पळस पुरत नव्हता.

थांबल्यावर पाहिलं तर तुझं शेत उभं. माझं उभं. आणि भागूबाईचा हरभराही उभा! तो कसा? मनकर्णाबाई तर दार लावून घरात बसली होती, मी येताना पाहिलं. मग म्हातारीवर पदर कोणी टाकला? वाटभर हाच विचार करत आले. मजीद म्हणतो, वाऱ्यानं गारा तिकडं गेल्या नसतील. याला काही कळत नाही.

घरी आल्यावर शकीलाचे अब्बा म्हणाले, "कुठं गेली होतीस?" मी म्हटलं, "शेतावर." त्यांनी पुढं विचारलं नाही. मीही सांगितलं नाही. एकदा त्यांनाही कळू दे, गप्प माणसासमोर कसं वाटतं ते.

लवकर लिही.

मुनिरा


बोरमाळ,
ता. ५ मार्च १९५२

मुनिरास सारजाचा रामराम.

आलीस, उभी राहिलीस, अन् पळालीस. मी तुझ्यासाठी भाकरी टाकायला घरी धावले, परत येते तर बांध मोकळा. तुझ्या वाटणीची आमच्या ह्यांनी खाल्ली, अन् तेव्हापासून छपराचा विषय बंद आहे. तेवढं तरी झालं.

आता ऐक. भागूबाईवर पदर टाकला आशाबाईनं.

मलाही खरं वाटलं नाय. तू जागा घेतलीस, तशी ती टेकडीमागून चालत जाऊन मनकर्णाबाईच्या रिकाम्या बांधावर उभी राहिली. जावेच्या जागेवर, नवऱ्यानं मनाई केलेल्या ठिकाणी. भागूबाईचं नाव तिनं एवढ्या मोठ्यानं घेतलं की पळसाखाली ऐकू गेलं. म्हणून तर नानासाहेब ओरडत होते. तुला वाटलं, तुझ्यावर. तुझ्यावरही होतंच, पण निम्मं बायकोवर होतं.

मी तिला विहिरीवर विचारलं, "आशाबाई, या खेपेला मान वळली नाय?"

ती म्हणाली, "मागं पाहायला माझं होतं काय? ज्याची राखण करायची त्याची मालकीण तर आली. समोर म्हातारी उघडी दिसली."

"पण आधी का नाय सांगितलंत नवऱ्याला, की शेत आपलं नाय?"

"सांगत होते. पेरणीपासून सांगत होते. तुम्ही दाराआडून बोललात, मी दाराच्या आतून बोलत होते. आतलं बाहेर ऐकू येत नाय, सारजाबाई."

वर्षभर मी त्या बाईच्या मानेवर राग काढला.

घरी गेल्यावर तिनं नानासाहेबांना सांगितलं, पुढच्या साली मी त्या बांधावर उभी राहणार नाय, कुठलीच बाई राहणार नाय, काय करायचं ते करा. मनकर्णाबाई तिथंच होती. तिनं "माझंही तेच" म्हटलं, असं ती सांगते. खरं-खोटं तिला माहीत. तिसऱ्या दिवशी नानासाहेबांनी आमच्या ह्यांना पारावर बोलावलं अन् चार माणसांत म्हणाले, "रामकिसन, कमरोद्दीनला कळव. त्यानं नजर ठेवायला सांगितली होती, ती मी ठेवली. रान पडीक पडू दिलं नाय. गहू निघाला की आपलं आपण सांभाळा म्हणावं."

नजर ठेवली म्हणे! मी घरात ऐकून डोकं धरलं. पण आमचे हे म्हणाले, "गप राहा. त्यांना याच दारातून बाहेर यायचं आहे, येऊ दे." गप राहिले. त्या दिवसापासून नानासाहेब मला पाहिलं की रस्ता बदलतात. बदलू दे.

भागूबाई मात्र कुणाचे आभार मानत नाय. आशाबाईला म्हणाली, "पुढच्या खेपेला पदर जरा लांब टाका, कडेची दोन झाडं गेली."

तर शेत तुझं आहे. तुमचंच समजा असं म्हणत नाय, तुझं आहे असं म्हणते. आता या तुम्ही. तुझ्या घराचं छप्पर शाकारायला झालंय, पण भिंती धड आहेत.

सारजा


पडेगाव,
ता. २३ मार्च १९५२

सारजाक्कास मुनिराचा सलाम.

तुझं पत्र शकीलाच्या अब्बांसमोर मोठ्यानं वाचलं. "नजर ठेवली" आलं तेव्हा त्यांच्या मिशा हलल्या. हसले की काय ते देव जाणे.

छप्पर शाकारू नकोस. आम्ही राहायला येणार नाही. मी त्यांना विचारलं, त्यांनी नाही म्हटलं, आणि या खेपेला मी वाद घातला नाही. ज्यानं आपल्याच घरात, आपल्याच लेकराचं तोंड दाबलेलं पाहिलं, त्याला मी कोणत्या तोंडानं सांगू की आता भिऊ नका? आणि खरं सांगू, ती भिंत पाहिली की माझेही हात शकीलाच्या तोंडाकडं जातील. तू यावर रागावशील. रागावू नकोस, निदान पत्रातून तरी.

पण शेत मी कसणार. मजीद बांगड्यांच्या फेऱ्या कमी करून नांगरट धरायला तयार आहे. रामकिसनभाऊंनी बैलांचं पाहावं. पेरणीला मी येईन, गारांच्या दिवसांत येईन. तेव्हा तुझ्या घरी राहीन आणि तुझी बोलणी खाईन. आशाबाईला माझा सलाम सांग. तिला विचार, तिला कोणत्या रंगाच्या बांगड्या आवडतात. ती मजीदला सांगायला लाजेल, तू विचार.

आणखी एक. काल मी मजीदबरोबर पाठवायचं सामान बांधत होते. बी, दोरखंड, जुनं पोतं. थोड्या वेळानं गाठोडं उचलते तर उचलेना. सोडून पाहिलं तर आत नांगराचा फाळ. नवा, अजून निळसर, भट्टीतून निघालेला. मी बाहेर जाऊन विचारलं, "हा कोणी घडवला?"

ते घोड्याचा खूर तासत होते. म्हणाले, "लोखंड उरलं होतं."

मुनिरा